नायिकेचं जमवायचं कुणाशी?

बफीने शेवटी एंजलकडे जायला हवं होतं की स्पाइककडे, यावर आमच्या घरात दोन तट आहेत. भाची एंजलची, मी स्पाइकची. नवऱ्याचा सूर तिसराच: "त्या रायलीत काय वाईट होतं?" जेवताना हा विषय निघाला की ताटातलं हुमण निवून जातं आणि वाद आहे तिथेच राहतो.

'बफी द व्हँपायर स्लेअर' ही अमेरिकन मालिका मार्च १९९७ मध्ये सुरू झाली आणि मे २००३ मध्ये संपली. सात पर्वं, १४४ भाग. ती संपली तेव्हा भाची पाळण्यात होती. तरी मला ती तिनेच दाखवली, ओसरीवर लॅपटॉप ठेवून, बाहेर पाऊस कोसळत असताना. कॅलिफोर्नियातलं सनीडेल नावाचं काल्पनिक गाव, तिथली एक शाळकरी मुलगी. दिवसा वर्गात जांभया देणार, रात्री स्मशानात लाकडी सुळा घेऊन पिशाच्चांच्या मागे धावणार. हे काम तिने मागून घेतलेलं नाही, तिच्या वाट्याला आलेलं आहे. आणि अशा मुलीच्या आयुष्यात पुरुष आणायचा तर कोणता, या एका प्रश्नाभोवती त्या मालिकेच्या लेखकांनी सात पर्वं काढली.

आमचा वाद अलीकडे पुन्हा पेटला तो भाचीच्या स्वतःच्या लिखाणामुळे. पणजीत खोली घेऊन ती मालिका लिहिण्याच्या मागे लागलेली आहे. तिची गोष्ट शापोरा नदीच्या काठची, खाजनातली. भरतीचं खारं पाणी भातात शिरू नये म्हणून घातलेला मातीचा बांध आणि त्या बांधात बसवलेली लाकडी दारांची मानस. भरती चढली की पाण्याच्या दाबाने दारं आपोआप मिटतात, ओहोटी लागली की उघडतात आणि शेतातलं जादा पाणी नदीत जातं. या बांधाचा राखणदार एक देवचार. खांद्यावर कांबळ, हातात दांडा. त्याचं बोलणं गावात एकाच मुलीला ऐकू येतं, तिच्या आजीला यायचं तसं. कुर्ल्यांनी बांध कुठे पोखरलाय, माती कुठे सुटायला आलीय, हे तिला रात्री कळतं आणि सकाळी ती माणसं घेऊन तिथे हजर असते. अट एकच. गावची शीव ओलांडली की ऐकू येणं बंद, आणि भरतीच्या वेळी ती शिवेबाहेर असली तर देवचाराचीही ताकद उतरते. मला ही कल्पना फार आवडली, आणि हे मी मावशी म्हणून बोलत नाही. मावशी म्हणून मी तिला बँकेच्या परीक्षा द्यायला सांगते.

तर मालिका काढणाऱ्या मंडळींनी मीटिंगमध्ये सांगितलं की नायिका उत्तम, देवचार उत्तम, पण लव्ह ट्रॅक कुठे आहे? तिसऱ्या भागापर्यंत एक मुलगा हवा, पाचव्यापर्यंत दुसरा. गोवा आहे, तर एखादा समुद्रावरचा सीनही बघा. भाचीने त्याच संध्याकाळी फोन केला. "मावशी गो, हिचं जमवू कुणाशी?"

खरं तर तिला नाव हवं होतं, मी तिला व्याख्यान दिलं. पण मनात बरीच वर्षं घोळत असलेली गोष्ट होती ती.

जादूच्या गोष्टीत प्रेमाला अडचण म्हणून घरच्यांचा विरोध आणला, दाराआडून अर्धवट ऐकलेलं बोलणं आणलं, बाहेरगावी शिकून आलेली मत्सरी मैत्रीण आणली, की ती जादूची गोष्ट उरत नाही. मग देवचाराच्या जागी सोसायटीचा वॉचमन ठेवला तरी काही बिघडत नाही. अडचण जादूच्याच पोटातून निघायला हवी. ज्या नियमाने नायिकेला तिची शक्ती मिळते, त्याच नियमाने तिचं प्रेम अडायला हवं.

एंजलचंच बघा. दोन-अडीचशे वर्षं जुना पिशाच्च. एके काळी त्याने एका भटक्या टोळीतल्या मुलीचा जीव घेतला. टोळीने त्याला मारलं नाही, त्याचा गेलेला आत्मा त्याला परत दिला. केलेल्या प्रत्येक खुनाची आठवण बाळगत जगायचं, ही शिक्षा. आणि शिक्षेला एक कलम: ज्या क्षणी हा माणूस पूर्ण सुखी होईल त्या क्षणी आत्मा पुन्हा जाणार. हे कलम त्यालाही ठाऊक नाही, तिलाही नाही. दुसऱ्या पर्वाच्या मध्यावर, बफीच्या सतराव्या वाढदिवसाच्या रात्री ते लागू होतं. सकाळी तिच्यासमोर उभा राहतो तो तोच चेहरा, तोच आवाज, आणि आत दुसराच कुणी. तिच्या प्रेमानेच तो गेला. आणि त्या पर्वाच्या शेवटच्या भागात, मे १९९८ मध्ये, मैत्रिणीने केलेल्या मंत्राने त्याचा आत्मा परत येतो खरा, पण तोवर पाताळाचं दार उघडून बसलेलं असतं आणि ते मिटवायला त्याचंच रक्त लागतं. शुद्धीवर आलेल्या, काहीच न आठवणाऱ्या त्या माणसाला ती मिठी मारते, डोळे मिटायला सांगते आणि तलवार चालवते. भाची हा भाग बघताना उशीत तोंड खुपसते. मी उठून चहा टाकते, कारण मला तो तिच्यासमोर बघायचा नसतो.

मला तेव्हा आठवली देवयानी. पुस्तकातली नव्हे, आमच्या देवळासमोरची.

पेडण्याच्या माणसाला दशावतारी काय असतं ते सांगायला नको. बाकीच्यांसाठी थोडक्यात सांगते. कार्तिक सरत आला की देवस्थानांच्या जत्रा सुरू होतात आणि शेजारच्या सिंधुदुर्गातून नाटक मंडळ्या येतात. आधी गणपती, रिद्धी-सिद्धी, संकासुराचा धुडगूस, मग रात्र चढल्यावर आख्यान. संहिता नाही. कथा ठरलेली, संवाद उभ्या उभ्या. एक पेटी, एक मृदंग, एक झांज. स्त्रीपार्टी पुरुषच करतो. सामान म्हणजे एक लाकडी बाक, तोच सिंहासन, तोच पलंग, तीच आश्रमातली शिळा. अलीकडे बोर्डावर 'ट्रिकसीनयुक्त' असं ठसठशीत लिहिलेलं असतं, म्हणजे धूर, लाल दिवे आणि कुणीतरी कुठूनतरी अचानक उगवणं. आमच्या मुलांना आज जे ड्रॅगन बघायला पैसे भरावे लागतात, ते आम्ही खाजें खात खात फुकट बघितलंय.

त्या रात्री कच-देवयानी होतं. कच हा देवांच्या गुरूचा मुलगा, दैत्यांच्या गुरूकडे शिकायला आलेला. शिकायला म्हणजे हेरगिरीलाच. शुक्राचार्याकडे मेलेल्याला उठवणारी संजीवनी आहे आणि देवांना ती हवी आहे. शुक्राचार्याची मुलगी देवयानी याच्यावर जीव टाकून बसते. दैत्यांना संशय येतो आणि ते त्याला मारून त्याचे तुकडे लांडग्यांना घालतात. देवयानी बापापुढे रडते, बाप मंत्र म्हणतो, कच उठून येतो. ते त्याला दुसऱ्यांदा मारतात, त्याचं पीठ करून समुद्रात कालवतात. देवयानी पुन्हा रडते, कच पुन्हा येतो. तिसऱ्या वेळी दैत्य त्याला जाळतात आणि त्याची राख मद्यात मिसळून खुद्द शुक्राचार्यालाच पाजतात. आमच्याकडे या प्याल्याला हमखास हशा पिकतो. खाडिलकरांनी १९१३ साली 'विद्याहरण' लिहिलं तेव्हा सगळा भार या प्याल्यावरच टाकला होता. दशावतारीत तो हशा आधी येऊ देतात आणि मग घशात अडकवतात.

देवयानी करणारा माणूस चाळिशीचा असेल. पावडरीखालून दाढीची निळसर झाक दिसत होती. पहिल्या वेळी त्याने ऊर बडवून आकांत केला, पेटीवाला त्याच्या मागे धावत होता. दुसऱ्या वेळी पद म्हटलं, लांबवून म्हटलं, लोकांनी टाळ्या दिल्या. तिसऱ्या वेळी मला वाटलं आता हा काय करणार, सगळं तर करून झालं. तो बाकाच्या कडेवर बसला. डोक्यातला गजरा काढून बाजूला ठेवला. आणि घरातल्या घरात बोलावं तशा आवाजात म्हणाला, "बाबा, त्याला उठवलंत तर तुमचं पोट फाटणार, तुम्ही जाणार. नाही उठवलंत तर तो गेलेलाच आहे. तुम्ही दोघं मिळून एकदाच काय ते ठरवा, मी कुणासाठी रडू." मृदंगवाल्याने हात मृदंगावरून काढून मांडीवर ठेवले होते.

आता यातलं जादूचं कलम बघा. शुक्राचार्य पोटातल्या पोटात कचाला संजीवनी शिकवतो. कच पोट फाडून बाहेर येतो आणि शिकलेल्या विद्येने गुरूला जिवंत करतो. देवयानीने हट्ट धरून धरून दोघांनाही वाचवलं. काम संपवून कच निघतो तेव्हा ती म्हणते, आता माझा हात धर. तो म्हणतो, कसा धरू? तू गुरूची मुलगी, मी त्याच गुरूच्या पोटातून जन्मलो, तू माझी बहीण. तिने त्याला ज्या वाटेने परत आणलं, त्या वाटेनेच तो तिचा भाऊ झाला! हा शाप कुणी दिलेला नाही, यात खलनायकाचा हात नाही. विद्येचाच हिशेब आहे.

एखाद्या मालिकेवाल्याने इथे पर्व संपवलं असतं. व्यासांचं पुढेच खरं काम आहे. देवयानी चिडून म्हणते, तुझी विद्या तुला फळणार नाही. कच म्हणतो, बरं, मी ज्याला शिकवीन त्याला फळेल, पण कुठलाही ऋषिपुत्र तुझा हात धरणार नाही. म्हणून ती क्षत्रियाच्या घरी जाते, ययातीच्या. तिथे शर्मिष्ठा येते, सवतीमत्सर येतो, ययातीचं अकाली म्हातारपण येतं. देवयानीचा यदू, शर्मिष्ठेचा पुरू. यदूच्या वंशात कृष्ण, पुरूच्या वंशात पांडव. आणि मग आमच्या सगळ्यांच्या लाडक्या 'सौभद्रा'तलं ते लग्न, जे किर्लोस्करांनी १८८२ मध्ये रंगमंचावर आणलं आणि जे गोव्यात अजून कुणाला पुरेसं झालेलं नाही: अर्जुन पुरूच्या घरचा, सुभद्रा यदूच्या घरची. एका प्रेमाला नकार मिळाला, त्याचं उट्टं इतक्या पिढ्यांनी दोन सवतींच्या वंशजांचं सूत जुळून निघालं. (अर्जुनाच्या रक्ताचा हिशेब काढायला जाऊ नका, तिथे इंद्र आहे, व्यास आहेत, भानगडी पुष्कळ आहेत. वंशाचा हिशेब धरा.) इतक्या लांबचा विचार करून प्रेमकथा मोडणारा लेखक आज सापडेल का, असं मी भाचीला विचारलं. ती म्हणाली, "मावशी, आम्हाला आठ भाग दिलेत."

आठ भागांत काय होतं आणि काय होत नाही, याचं उदाहरण 'गेम ऑफ थ्रोन्स'. जॉन स्नो हा उत्तरेच्या बर्फाच्या भिंतीवरचा पहारेकरी. बायको करणार नाही, मुलं होऊ देणार नाही, अशी शपथ घेतलेला. त्याला भेटते भिंतीपलीकडची यग्रिट. ज्या लोकांना अडवण्यासाठी भिंत बांधली असं त्याला शिकवलंय, त्यांतलीच ती. म्हणजे ती नुसती समोर उभी राहिली तरी त्याची शपथ आणि त्याची भिंत दोन्ही हलतात. ते दोघं चालतात, चालतच राहतात, बर्फातून, शिव्या देत, एकमेकांच्या चुका काढत. ती चौथ्या पर्वात, २०१४ मध्ये, भिंतीवरच्या लढाईत त्याच्यासमोर बाण लागून मरते. तो बाण मारणारं पोरही आधी आपल्याला नीट दाखवून ठेवलेलं असतं, तिच्या टोळीच्या हल्ल्यात आईबाप गमावलेलं.

मग पुढे त्याच जॉनला राणी डनेरिस भेटते, जिच्याकडे ड्रॅगन आहेत. सातवं पर्व सातच भागांचं, आठवं सहाचं. आधीची सहाही पर्वं दहादहा भागांची होती. ती दोघं एकमेकांकडे अर्थपूर्ण बघतात, एका बोटीवर दार मिटतं, आणि पाठोपाठ आपल्याला कळतं की ती त्याची आत्या. खरोखरची, बापाची सख्खी बहीण. अडचण इथेही जादूच्या गोष्टीतलीच होती: रक्त, सिंहासन, वारसा, ड्रॅगनवर कोण बसू शकतो. कागदावर अगदी कच-देवयानीच्या तोडीची. पण ज्या प्रेमाला चालायला वाटच दिली नाही, त्याच्यात आत्या निघाली काय आणि शेजारीण निघाली काय. शेवटच्या भागात तो तिला मारतो, मिठीत घेऊनच, बफीसारखं. तेव्हा मी चहा टाकायला उठले नाही. मोबाइल बघत होते.

'द विचर'मध्ये आणखी एक गंमत आहे, तिच्यावर फार थांबत नाही. राक्षस मारणारा गेराल्ट एका जिनकडे अखेरची इच्छा मागतो आणि तिने तो आणि येनेफर ही जादूगारीण कायमची बांधली जातात. तिला हे पहिल्या पर्वात, २०१९ मध्ये, डोंगरावर ड्रॅगनच्या शिकारीला गेल्यावर कळतं आणि ती तिथल्या तिथे त्याला सोडते. आपल्याला वाटतं ते आपलं आहे की मंत्राचं, हे आता ओळखायचं कसं? लग्नाला वर्षं झाल्यावर कळावं की भटजीने पैसे घेऊन पत्रिका जुळवून दिली होती, तसं. नवरा तोच, घर तेच, पण बाईला एक शंका कायमची लागली. हे कलम फारच बेमालूम आहे. मला हेवा वाटला.

एका भागापुरत्या येणाऱ्या प्रेयसीचं काय करायचं हा आणखी एक जुना रोग. नायकाला एक भाग रमवायचा, मग तिला मारायचं किंवा गाडीत बसवून पाठवून द्यायचं, पुढच्या भागात त्याच्या तोंडी तिचं नावही नाही. बीबीसीच्या 'मर्लिन'ने हे जरा बरं केलं. दुसऱ्या पर्वात त्या जादूगार पोराला फ्रेया नावाची शापित मुलगी भेटते, त्याच भागात ती जाते, आणि जाताना तुझं ऋण फेडीन म्हणते. पुढच्या पर्वाच्या शेवटी, त्याला जी तलवार हवी असते ती त्याला तळ्यातून काढून देणारी तीच. मला उलुपी आठवली. वनवासातल्या अर्जुनाला पाण्याखाली ओढून नेणारी नागकन्या. तो म्हणतो, माझं ब्रह्मचर्याचं व्रत आहे. ती म्हणते, ते व्रत द्रौपदीपुरतं, तुमच्या भावाभावांतल्या करारापुरतं, माझा त्याच्याशी काय संबंध? वकील झाली असती तर म्हापशाच्या कोर्टात तिच्या तोंडाला कुणी लागलं नसतं. हे आदिपर्वात. नंतर लोक तिला विसरतात. आणि चौदाव्या पर्वात, युद्ध उरकून अश्वमेधाच्या घोड्यामागे फिरणारा अर्जुन स्वतःच्याच मुलाच्या, बभ्रुवाहनाच्या, बाणाने पडतो, तेव्हा नागमणी आणून त्याला उठवायला येते ती उलुपी. बभ्रुवाहनाची आई चित्रांगदा शेजारी बसून रडत असते, ही मणी काढते. एका अध्यायाची प्रेयसी म्हणून जिला सोडून दिलं होतं, तिच्याच हातात नायकाचा जीव.

आता रायली. नवऱ्याची बाजू मांडलीच पाहिजे, नाहीतर हा लेख घरात वाचून दाखवता येणार नाही. पाताळातून तिसऱ्या पर्वात परत आलेल्या एंजलला १९९९ मध्ये स्वतःची वेगळी मालिका मिळाली, म्हणून तो बफीच्या गावातून गेला. त्याच्या जागी आला रायली फिन. उंच, सरळ, सैन्यातला, आईवडिलांना दाखवायला उत्तम. प्रेक्षकांनी त्याला कधी जवळ केलं नाही. सगळे म्हणतात, त्याच्यात रहस्य नव्हतं. माझं मत वेगळं आहे. त्याच्यात फार चांगलं रहस्य होतं: तो ताकदीने तिच्यापेक्षा कमी होता आणि ते त्याला सहन होत नव्हतं. आधी सरकारी प्रयोगातल्या औषधांनी त्याला अंगात बळ होतं, ते गेलं, आणि मग ती भुतं मारून घरी येणार आणि आपण मलमपट्टी करणार, एवढंच त्याच्या हाती उरलं. ही अडचण शंभर टक्के जादूच्या पोटातली. आणि किती घरातली! पण लेखकांनी तिला हात लावला न लावला आणि पाचव्या पर्वात त्याला हेलिकॉप्टरमध्ये बसवून घालवून दिलं. ती धावत येते, हेलिकॉप्टर उडालेलं असतं. हा उशिराचा सीन आपल्या मालिकांतल्या रेल्वे स्टेशनवर इतक्यांदा झालाय की मला फलाटावरचा चहावालाही दिसायला लागला.

आणि स्पाइक. तोही पिशाच्च, आत्मा नसलेला, आधी तिला मारायला आलेला, मग तिच्या नादाने वेडा झालेला. सहाव्या पर्वात त्यांचं जे चालतं ते बघवत नाही, आणि त्याने तिच्यावर जबरदस्ती करण्याचा जो प्रसंग आहे त्याचं समर्थन मी करत नाही, भाचीने कितीही डिवचलं तरी. पण त्या प्रसंगानंतर तो काय करतो? आफ्रिकेत जाऊन, जिवावरच्या कसोट्या सोसून, आत्मा मागून घेतो. एंजलला आत्मा दिला शिक्षा म्हणून, प्रेमाने तो गेला. याने आपल्या पायांनी जाऊन तो मागितला, तोही प्रेमापायी. नियम तोच, चार-पाच वर्षांपूर्वी आपल्याला शिकवलेला, फक्त उलट्या बाजूने फिरवला. शेवटच्या भागात गाव गिळणाऱ्या विवराच्या तोंडाशी तो जळत उभा असतो आणि ती सांगते, माझं तुझ्यावर प्रेम आहे. तो म्हणतो, नाही, नाहीये, पण म्हटलंस हे बरं केलंस. भाचीच्या मते त्याला शेवटपर्यंत काही मिळालं नाही. माझ्या मते अख्ख्या मालिकेत पूर्ण शहाणपणाने बोललेलं प्रेमाचं वाक्य ते एकच.

बफी शेवटी कुणाचीच झाली नाही हे विसरायला नको. एंजल परत येतो तेव्हा ती त्याला सांगते की मी अजून कच्चं पीठ आहे, भाजून निघाले की बघू. एवढं करून झाल्यावरही एखाद्या मुलीला 'अजून मी तयार नाही' म्हणू देणारी मालिका २००३ साली होती, आणि भाचीला मात्र पाचव्या भागापर्यंत दोन मुलगे हवेत म्हणून सांगतात.

तर खाजन. मी भाचीला म्हटलं, तुझ्याकडे भरती-ओहोटी आहे, तुला मुलगे शोधायला समुद्रावर जायची काय गरज? ओहोटीला मानशीची दारं उघडतात, पाण्याबरोबर मासळी बाहेर पडते, आणि ज्याने मासेमारीची पावणी, म्हणजे लिलाव, घेतलेली असते तो जाळं लावायला रात्रीबेरात्री तिथे येतोच. तोच तुझा मुलगा. पलीकडच्या काठचा, बार्देशातला. त्यांची भेट ओहोटीलाच होणार, आणि ओहोटी रोज साधारण पन्नास मिनिटं उशिरा येणार. आज रात्री दहाला भेटले तर उद्या अकराच्या आसपास, परवा मध्यरात्री, आणि आठवड्याभरात भेट पहाटेवर गेलेली. कधीतरी भर दुपारी, सगळ्या गावासमोर. चोरून भेटायची वेळ चंद्र ठरवणार, म्हणजे गावाला कळायची वेळही चंद्रच ठरवणार.

ती गप्प झाली. कीबोर्डचा आवाज येत होता.

मग अडचण. त्याचं घर शिवेपलीकडे. लग्न करून तिकडे गेली की देवचाराचं बोलणं संपलं. हे झालं सरळ. पण ती एकदाच जाते, एकाच रात्री, त्याची आई आजारी म्हणून, आणि परतताना होडी मिळत नाही. नेमकी अमावास्येची भरती. देवचार बांधावर उभा आहे, दांडा आपटतोय, ओरडतोय, आणि ऐकणारं कुणी नाही. बांध फुटतो.

इथपर्यंत आमचं एकमत झालं. पुढे भाचीला तो मुलगा त्या पाण्यात बुडायला हवा आहे. मला नको. बुडाला की सगळे रडतात आणि मोकळे होतात. माझं म्हणणं, तो वाचावा, दुसऱ्या दिवशी बांध घालायला सगळ्यांत आधी तोच माती घेऊन यावा, आणि तिला त्याच्याशी बोलायला तोंड नसावं. त्याला कळूच नये की ती त्या रात्री त्याच्याकडे होती म्हणून हे झालं. दुसऱ्या मुलाची जागा तिने एका इंजिनिअरला दिली आहे. तो लाकडी दारांच्या जागी लोखंडी दरवाजा बसवायला आलाय आणि त्याला वाटतं देवचार म्हणजे गळती शोधणारी एखादी जुनी पद्धत. तो मला बरा वाटला, पण त्याच्याविषयी अजून काही लिहिलेलं नाही.

तिने दोन्ही शेवट लिहून ठेवलेत, मीटिंगमध्ये बघू म्हणते. मी एकच अट घातली. खारं पाणी शिरल्यावर पुढल्या वर्षी त्याच शेतात हिरवंगार भात दाखवायचं नाही. खारं पाणी सोसणारं कोरगूट भात झालं तरी सहन करायला काही मर्यादा असते, त्या जमिनीतलं मीठ जायला पावसाळे जातात. म्हणजे दुसरं पर्व त्या पडीक शेतातूनच सुरू करावं लागेल.

"दुसरं पर्व मिळणार असं तू धरूनच चाललीस," भाची म्हणाली.